बारा टक्के ओलावा

आमच्या बुलढाणा जिल्ह्यातल्या माणसाला टक्केवारी शिकवावी लागत नाही. शाळा त्यानं चौथीत सोडलेली असो नाहीतर अकोल्याच्या कृषी विद्यापीठाची पदवी घेतलेली असो, सोयाबीनमध्ये १२ टक्क्यांवर ओलावा निघाला की हमीभावाच्या केंद्रावरून पोती परत गाडीत चढतात, हे त्याला झोपेतही ठाऊक असतं. कापसाला ८ टक्के उत्तम, १२ च्या वर गेला की ग्रेडर मान हलवतो. सोसायटीचं व्याज, पतसंस्थेचं व्याज, सावकाराचा शेकडा, पोराची दहावी, पोरीची बारावी, सगळे टक्के तोंडपाठ. २०२४ च्या नोव्हेंबरात केंद्र सरकारनं सोयाबीनच्या ओलाव्याची मर्यादा १५ वर नेली, तेव्हा टपरीवर चहा पिणारा कुणीही त्या तीन टक्क्यांवर अर्धा तास बोलू शकत होता.

असा हा टक्क्यांत मुरलेला माणूस एकाच जागी आकडा वाचत नाही. बाटलीच्या लेबलवर.

तिथं त्याचं शास्त्र वेगळं आहे. दारू किती कडक, हे तो बाटलीच्या आकारावरून, रंगावरून, दुकानाच्या पाटीवरून आणि सोबत कोण बसलंय यावरून ठरवतो. आणि सगळ्यात जास्त, ती कशापासून केली यावरून. धान्याची असेल तर दारू. मोहाची असेल तर अगदीच दारू. पण 'फळाचं हाये' एवढं कानावर पडलं की निम्मं पाप तिथंच फिटतं. उरलेलं निम्मं फुगे फिटवतात. फुगे असले की ते सरबत, फेस आला की तो सोडा, आणि पेल्याच्या कडेला संत्र्याची फोड खोचलेली असली की ते आरोग्यपेय. मलकापूरपासून खामगावपर्यंत महामार्गाला लागून ज्या 'वाईन शॉप'च्या पाट्या होत्या (सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशानं २०१७ च्या एप्रिलात त्यातल्या बऱ्याच पाचशे मीटर आत गेल्या), त्या दुकानांत वाईन मागून पाहा. दुकानदार आधी तुमच्या मागे पाहतो, कुणी पाहुणा आलाय का म्हणून. मग वरच्या फळीवरची, धुळीनं राखाडी झालेली एक बाटली पुसायला घेतो.

या शास्त्राची प्रात्यक्षिक परीक्षा मी एका उन्हाळ्यात नांदुऱ्याला मामांच्या गच्चीवर पाहिली. आखाजीचा दुसरा दिवस होता. भेंडवळच्या घटमांडणीचं भाकीत सकाळीच फुटलं होतं. पाऊस किती, कपाशी कशी, यावर घरात दोन तट पडले होते. पुण्याचे जावई आदल्या दिवशी आले होते आणि येताना बॅगेत टॉवेलमध्ये गुंडाळून एक बाटली घेऊन आले होते. नाशिककडची स्पार्कलिंग वाईन. आता आली का पंचाईत! बैठकीत गजानन महाराजांची तसबीर, त्यामुळे बैठक बाद. गुरुवार नव्हता, एकादशी नव्हती, म्हणजे वार मोकळा. शनिवार होता, पण तेवढा चालवून घेता आला असता. मामींनी फ्रिजात जागा करून दिली ती आमरसाच्या पातेल्याशेजारी, आणि दर दहा मिनिटांनी कुणी ना कुणी आमरसासाठी दार उघडत असल्यानं बाटली जी काय थंड झाली ती मनापुरतीच. अशी वाईन सहा ते आठ अंशांवर प्यावी म्हणतात. बाहेर पारा चव्वेचाळीसला होता.

दिवेलागणीनंतर मंडळी गच्चीवर गेली. आता नांदुऱ्यात गच्चीवर जाऊन लपणं ही गोष्ट सोपी नाही. तिथला मारुती एकशे पाच फूट उंच आहे. महामार्गावरून जाणाऱ्याला तो दिसतो, तसं त्यालाही आपलं सगळं दिसत असणारच. मामांनी काही न बोलता खुर्ची फिरवली आणि मारुतीकडे पाठ करून बसले.

मामा एसटीतून निवृत्त झालेले मेकॅनिक. त्यांनी बाटली दोन्ही हातांनी तोलली.

"लय जड हाये हो जवाईबापू. काच इतकी जाड काहून?"

"आत प्रेशर असतं मामा. सहा वातावरणांचं."

"पौंडात सांगा."

जावयांनी मोबाइलवर हिशेब केला. "नव्वदच्या आसपास."

मामांची मुद्रा पालटली. इतका वेळ ती बाटली पाहुण्यांची होती, आता ती त्यांच्या खात्यात आली. "नव्वद? म्हंजे यष्टीच्या चाकात आमी शंभर भरू, त्याच्या जवळच झालं. अन् हे तुमी कपड्याच्या ब्यागीत घालून आणलं?"

ते बरोबरच बोलत होते. या वाईनचं आंबवणं दोनदा होतं. पहिल्यांदा टाकीत, इतर कुठल्याही वाईनसारखं. मग ती बाटलीत भरताना प्रत्येक लिटरला चोवीसेक ग्रॅम साखर आणि थोडं यीस्ट टाकून तोंड बंद करतात. यीस्ट साखर खातं, त्याचा वायू होतो आणि दीडेक टक्का अल्कोहोल वाढतं. वायूला बाहेर पडायला वाट नसते, म्हणून तो वाईनमध्येच विरघळून बसतो. फुगे म्हणतो ते हेच. साडेदहा-अकरा टक्क्यांची वाईन अशी बारापर्यंत चढते. म्हणजे ज्या फुग्यांकडे पाहून आपण 'सोडाच तर आहे' म्हणतो, त्या फुग्यांनीच टक्का वाढवलेला असतो. स्वस्तातल्या बाटल्यांत वायू वरून भरतात, तो भाग निराळा.

आणखी एक गंमत. दुसऱ्या आंबवणीच्या काळात या बाटल्या तळघरात आडव्या ठेवतात. फ्रान्सच्या शॅम्पेन प्रांतात तर किमान पंधरा महिने तळघरातून हलायची सोय नाही. आता आपल्याकडे आडव्या बाटलीचा अर्थ कुठल्याही खेड्यातल्या बाईला विचारा. २००८ च्या सरकारी आदेशानं गावातलं दारूचं दुकान बंद करायचं की नाही यावर बायकांना मतदान करता येतं. पंचवीस टक्के महिला मतदारांनी मागणी करायची, मग मतपत्रिकेवर दोन चिन्हं: उभी बाटली म्हणजे दुकान राहू द्या, आडवी बाटली म्हणजे बंद करा. निम्म्यांहून जास्त बायकांनी आडवीवर शिक्का मारला की दुकानाला टाळं. फ्रान्समध्ये आडव्या बाटलीतून दारू तयार होते, आपल्याकडे आडव्या बाटलीनं दारू बंद होते. एखाद्या शॅम्पेनवाल्याला आपल्या निवडणुकीचं चिन्ह दाखवलं तर तो आनंदानं स्वतः जाऊन मत देऊन येईल.

असो. मामांनी वरची तार सोडवायला पकड मागवली. जावई म्हणत होते, बूच धरून बाटली फिरवायची, हळू, आवाज यायला नको. पण मामांनी आयुष्यभर गंजलेले नट सोडवलेले. त्यांनी बाटली धरून बूच फिरवलं, तेही दोन्ही अंगठ्यांनी, तोंड आभाळाकडे करून. फाट असा आवाज झाला, बूच अंधारात गेलं, आणि शेजारच्या गच्चीवर वाळत घातलेल्या कुरडयांत कुठंतरी पडल्याचं ऐकू आलं. मागोमाग फेस. बाटली गरम होती, त्यामुळे हजार-बाराशे रुपयांतले शंभर-दीडशे तरी गच्चीच्या फरशीवर गेले. मामींनी खालून विचारलं, "काय फुटलं हो?" मामा म्हणाले, "ट्यूब."

स्टीलच्या ग्लासात वाईन ओतल्यावर रंग दिसत नाही आणि फुगेही दिसत नाहीत, नुसता चुर्रर्र आवाज येतो. मामांनी ग्लास कानाला लावून तो ऐकला आणि मग मूळ प्रश्न विचारला, जो जिल्ह्यातल्या प्रत्येक गच्चीवर, ढाब्यावर आणि लग्नाच्या मांडवामागे विचारला जातो.

"किती असते हो याच्यात?"

"बारा टक्के."

मामांनी क्षणभर विचार केला. "म्हंजे नाफेडच्या मापात बसते."

बारा टक्के हा आकडा त्यांना ओलाव्याचाच वाटला, आणि ओलावा बारा म्हणजे माल पास. मग जावयांनी कागद काढून रीतसर मांडणी केली. साडेसातशे मिलीच्या बाटलीत बारा टक्के म्हणजे नव्वद मिली शुद्ध अल्कोहोल. आपला नेहमीचा पव्वा एकशे ऐंशी मिलीचा, व्हिस्की ४२.८ टक्के, म्हणजे सत्त्याहत्तर मिली. मामांनी हिशेब दोनदा तपासला. मग खिन्न होऊन बाटलीकडे पाहिलं. एवढी जाड काच, नव्वद पौंड हवा, वर तार, तारेवर सोनेरी कागद, आणि आत सगळं मिळून पव्वा अन् वर एक घोट. "अन् भाव हजाराच्या वर! बारा टक्क्यानं हजार? याच्यापेक्षा सावकार परवडला."

पण खरी कलाटणी मामींनी दिली. त्या गच्चीवर आल्या त्या आमरसाचं पातेलं घेऊनच. चव बघायला म्हणून बोट बुडवून जिभेला लावलं आणि तोंड वाकडं केलं. "हे तं आंबट हाये. फसवलं तुमाले दुकानदारानं." बाटलीवर 'ब्रूट' लिहिलेलं होतं. ब्रूट म्हणजे लिटरमागे बारा ग्रॅमपेक्षा कमी साखर. फळाची वस्तू गोड नसेल तर तिच्यात काहीतरी खोट आहे, असं मानणाऱ्या घरात हे कसं चालावं? मामींनी मोठ्या चमच्यानं प्रत्येक ग्लासात आमरस घातला. रस पडताच फेस पुन्हा उसळून काठावर आला. गराच्या बारीक तंतूंवर वायू सुटा होतो म्हणून. थोडा ओघळला, तो मामांनी बोटानं निपटला.

व्हेनिसच्या हॅरीज बारमध्ये जुझेप्पे चिप्रियानी नावाच्या गृहस्थानं १९४८ साली हेच केलं होतं, पीचचा गर आणि तिथली प्रोसेको वाईन मिसळून. त्याला एका जुन्या चित्रकाराच्या नावावरून 'बेलिनी' म्हणतात आणि जगभरच्या हॉटेलांत ते अजून भरपूर पैसे घेऊन देतात. नांदुऱ्यात त्याच जातीचं पेय केसर आंब्यात झालं आणि त्याला काहीच नाव मिळालं नाही.

चव मात्र, खरं सांगतो, फार चांगली लागली. आणि इथंच फळानं आपलं काम केलं. निम्मा आमरस, निम्मी वाईन, म्हणजे बाराचे सहा टक्के झाले. आकडा निम्म्यावर आला. पण मघाशी जो ग्लास आंबट म्हणून घोटाघोटानं, औषधासारखा जात होता, तो आता ताकासारखा जायला लागला. ज्यांनी एकच घ्यायचा ठरवला होता त्यांनी तीन घेतले. मामी स्वतः "मी तं आमरसच पेऊन राह्यली" म्हणत दुसऱ्या पातेल्याच्या शोधात खाली गेल्या. गोडी टक्का निम्मा करते आणि माप दुप्पट. फळांच्या कॉकटेलची सगळी गोम एवढीच आहे, आणि ती जगातल्या एकाही बाटलीवर छापलेली नसते.

त्यात फुग्यांची भर. इंग्लंडच्या सरे विद्यापीठाच्या, २००३ साली प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात काही माणसांना एकदा फुगेवाली शॅम्पेन पाजली आणि एकदा त्याच शॅम्पेनचे फुगे घालवून. पाच मिनिटांत फुगेवाल्यांच्या रक्तात अल्कोहोल स्पष्ट जास्त निघालं. वायू पोटाला घाई करतो असं म्हणतात. म्हणजे 'हलकी' समजली जाणारी वस्तू इतरांपेक्षा लवकर चढते.

रात्री नऊला जावई उठले. बुलढाण्याला त्यांच्या आत्याकडे मुक्काम ठरलेला होता आणि गाडी स्वतःची. नांदुऱ्याहून बुलढाण्याला जायचं म्हणजे घाटाखालून घाटावर, राजूर घाटाची वळणं चढत. "घेतलंय काय मी? फळाचा रस," असं ते म्हणाले, आणि तेव्हा ते पुणेकर राहिले नव्हते, पुरते आमच्यातले झाले होते. मग त्यांचाच कागद पुन्हा काढला. मोटार वाहन कायद्याच्या १८५ कलमानं शंभर मिली रक्तात तीस मिलिग्रॅमपर्यंत मुभा. वाईनच्या सव्वाशे मिलीच्या ग्लासात बाराएक ग्रॅम अल्कोहोल. साठ किलोच्या पुरुषाला तेवढा एकच ग्लास अंदाजानं त्या तीसच्या काठावर नेऊन ठेवतो. बाईचं वजन कमी, शरीरात पाणीही कमी, तिला तो काठापलीकडेच नेतो. जावयांचं वजन साठाच्या आत आणि ग्लास मोजण्यापलीकडे. मामांनी गाडीची किल्ली शर्टाच्या खिशात टाकली आणि विषय भेंडवळच्या भाकितावर नेला.

आता ही वाईन आपल्याकडे आली कुठून, तर फार लांबून नाही. ऐंशीच्या दशकात शामराव चौगुले यांनी नारायणगावला फुगेवाली वाईन करायला घेतली, फ्रान्सच्या पायपर हायडसिक या शॅम्पेनवाल्यांचं तांत्रिक साह्य घेऊन. परदेशात ती 'ओमर खय्याम' नावानं विकली गेली. मग नाशिकला सुला आली. २००१ मध्ये राज्य सरकारनं द्राक्ष प्रक्रिया धोरण आणून वाईनला करात मोठी सूट दिली. पुढं फ्रान्सच्या शांदोंनी दिंडोरीला कारखानाच टाकला. म्हणजे जे जग आपल्याला फ्रेंच वाटतं ते प्रत्यक्षात नाशिक जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या ठिकाणी आहे.

तरी या सगळ्या प्रवासात सरकारलाही आपल्या मामांसारखंच ठरवता आलं नाही की हे फळाचं आहे की दारू आहे. २७ जानेवारी २०२२ ला मंत्रिमंडळानं हजार चौरस फुटांवरच्या सुपरमार्केटात वाईन विकायला परवानगी द्यायचं ठरवलं, आणि महिनाभर राज्यात एकच चर्चा: वाईन म्हणजे दारू का? एक बाजू म्हणे शेतकऱ्याचं द्राक्ष आहे, दुसरी म्हणे महाराष्ट्राचं मद्यराष्ट्र होईल. अण्णा हजारेंनी उपोषणाचा इशारा दिला. निर्णय कागदावरच राहिला. त्या चर्चेत द्राक्ष शंभरदा आलं, शेतकरी दोनशेदा आला. बारा टक्के हा आकडा कुणी उच्चारल्याचं मला आठवत नाही. अन्नसुरक्षा खात्यानं मात्र रेघ सरळ ओढून ठेवली आहे: अर्ध्या टक्क्याच्या वर अल्कोहोल गेलं की ते मद्यपेय. ती रेघही अशीच ओढलेली नाही, कारण त्याखालचं अल्कोहोल देवाघरचं असतं. पिकलेल्या केळात असतं, संत्र्याच्या रसात असतं, अगदी नखाएवढं. एकादशीला केळं खाणाऱ्यांनी घाबरू नये.

घाटावर चिखली-मेहकरकडच्या लग्नांत आता जेवणाआधी 'मॉकटेल काउंटर' असतो. गळ्यात बो अडकवलेला पोरगा निळं, हिरवं, लाल पाणी प्लास्टिकच्या पेल्यांत ओतून वर पुदिन्याचं पान ठेवतो. पांढऱ्या टोपीतला प्रत्येक आजोबा समोर येऊन तोच प्रश्न विचारतो. "याच्यात काही नाई ना?" पोरगा सांगतो, झिरो आजोबा, झिरो. आजोबा वास घेतात, पेला पुतण्याच्या हातात देतात आणि मठ्ठा शोधायला जातात. मंचावर नवरा-नवरी सफरचंदाच्या फसफसत्या रसाची शॅम्पेनछाप बाटली हलवून उडवतात. त्यात खरोखर काही नसतं, पण मंडपातल्या शेवटच्या रांगेपर्यंत कुजबुज जाते की पोरीनं दारू उडवली. याउलट मांडवामागच्या जीपमध्ये जे काही चाललेलं असतं, त्याला 'पोरं जरा बसली आहेत' म्हणतात.

त्या जीपमध्येही फळं आहेतच. नवशिक्यांसाठी ब्रीझर: संत्रा, लिंबू, जांभळासारखं काहीतरी. ४.८ टक्के, मुलींचं पेय म्हणून हिणवलं जाणारं. पण पावणेतीनशे मिलीची ती बाटली संपली की पोटात तेरा मिली अल्कोहोल गेलेलं असतं, आणि शेजारी बसलेल्या मर्दानं घेतलेल्या तीस मिलीच्या पेगात तेवढंच असतं. उलट अंशभर कमीच. पोरांच्या इज्जतीसाठी हा हिशेब जीपमध्ये सांगू नये. आणि जो खर्चाला हात आखडतो त्याच्यासाठी सरकारमान्य देशीच्या दुकानात 'संत्रा' असतोच. विदर्भात संत्रा मागितल्यावर समोरचा 'किलोनं की बाटलीनं' असं डोळ्यांनी विचारतो. आमच्या संग्रामपूर-जळगाव जामोदच्या बागांतला संत्रा बिचारा झाडावर वाट पाहत राहतो आणि नाव भलतंच कमावून जातं.

अकोल्याच्या एका हॉटेलात सांग्रिया नावाचा प्रकार पाहिला. वाईनमध्ये सफरचंद, संत्रं, द्राक्षं कापून रात्रभर भिजवलेली. टेबलावरच्या एका काकूंनी वाईन नको म्हणून पेला नवऱ्याकडे सरकवला आणि तळातल्या फोडी चमच्यानं खाल्ल्या, निवडून, शेवटचं द्राक्षसुद्धा. फळाची फोड रात्रभर वाईनमध्ये राहिली की वाईन तिच्यात मुरते. रस काढून फोड खाणं म्हणजे खिचडी नको म्हणून नुसता भात खाणं. काकू नंतर फार छान गात होत्या.

आपल्या जिल्ह्याला निसर्गानं या बाबतीत काही कमी दिलेलं नाही. सातपुड्याच्या पायथ्याला मोह, घाटाखाली संत्रा, आणि सोडा हवा तर लोणार आहेच. लोणारचं पाणी इतकं अल्कधर्मी की सामू दहाच्या घरात; पण तो धुण्याच्या सोड्याच्या कुळातला, फसफसणारा नाही. तरी २०२० च्या जून महिन्यात, सगळी दुकानं टाळेबंदीच्या कचाट्यात असताना, ते अख्खं सरोवर गुलाबी झालं. सव्वाएक किलोमीटर रुंदीची रोझे वाईन! शास्त्रज्ञांनी सांगितलं, पाणी आटून खारटपणा वाढला आणि त्यात वाढणाऱ्या हॅलोआर्किया नावाच्या सूक्ष्मजीवांचा तो रंग. फोटो जगभर गेले. त्यातला अल्कोहोलचा टक्का शून्य, आणि कुणी विचारलाही नाही. बुलढाण्याच्या इतिहासात एखाद्या रंगीत द्रवाबद्दल 'याच्यात किती असते' हा प्रश्न न विचारला गेल्याचं ते एकमेव उदाहरण असावं.

या सगळ्या घोटाळ्याचा दोष मी थोडा गडकऱ्यांना देतो. 'एकच प्याला'नं मराठी माणसाच्या डोक्यात दारूची दोनच मापं पक्की केली: थेंबही नाही, आणि सुधाकराचा सर्वनाश. मधलं माप नाहीच. त्यामुळे तळीरामाच्या आर्यमदिरामंडळाबाहेर राहण्यासाठी जो तो आपला प्याला हा प्यालाच नाही असं सिद्ध करत बसतो. कुणाचा तो आमरस असतो, कुणाचा फळाचा रस, कुणाचा सर्दीवरचा उपाय. नाही म्हणणारा टक्का पाहत नाही, कारण त्याला पाहायची गरज नाही. हो म्हणणारा पाहत नाही, कारण पाहिला तर हो म्हणावं लागेल. जागतिक आरोग्य संघटना आता सांगते की सुरक्षित असं कुठलंच प्रमाण नाही. म्हणजे अखेर तीही गडकऱ्यांच्याच बाजूला गेली, पण मोजून मापून गेली.

माप पाळणारं एकच माणूस माझ्या माहितीत आहे, ते म्हणजे मेहकरच्या मोठ्या मावशी. गळ्यात तुळशीची माळ, पंढरीची वारी चुकली नाही, घरात कांदा-लसूणसुद्धा चातुर्मासात बंद. आणि रोज दोन्ही जेवणांनंतर दोन चमचे द्राक्षासव, दोन चमचे पाण्यातून. वैद्यांनी सांगितलंय, पचनाला. बाटलीच्या झाकणात आखलेली रेघ असते, त्या रेघेवर थेंब कमी नाही, थेंब जास्त नाही. झाकण धुऊन, पुसून, उलटं ठेवतात.

एकदा त्यांनी मला मुदत संपली का ते पाहायला लेबल वाचायला दिलं. मनुका, साखर, धायटीची फुलं, मिरी, पिंपळी, नागकेशर, वेलची, आणि शेवटी, भिंगानं वाचाव्या अशा अक्षरांत: स्वयंनिर्मित अल्कोहोल, पाच ते दहा टक्के. आसव-अरिष्टांना बारापर्यंत मुभा असते. धायटीच्या फुलांबरोबर आलेलं यीस्ट गोडीवर पोसतं आणि आसव आपोआप आंबतं. नाशिकच्या टाकीत जे घडतं तेच मातीच्या भांड्यात, फुग्यांशिवाय. मी ते मोठ्यानं वाचून बसलो. मावशींनी चष्मा लावला, बाटली हातातून घेतली, अक्षरांवर बोट ठेवून स्वतः वाचलं.

"म्हंजे दारूच पेली का रे मी इतके वर्षं?"

मी घाईघाईनं सांगितलं की नाही मावशी, औषध आहे. १९४९ च्या मुंबई दारूबंदी कायद्यात औषधंही अडकत होती, पण १९५१ साली सर्वोच्च न्यायालयानं ती सोडवली. अर्थात तेव्हा आपला जिल्हा मुंबई राज्यात नव्हता, मध्यप्रदेशात होता, पण आता तोच कायदा आपल्यालाही लागू आहे. औषधाला काही लागत नाही. वाईन प्यायची असती तर परवाना लागला असता. एकवीस वर्षं पूर्ण पाहिजेत, एका दिवसाच्या परवान्याचे पाच रुपये, जन्मभराचा हवा तर हजार.

मावशी ऐकत होत्या की नाही कळलं नाही. त्यांनी झाकणात रेघेपर्यंत आसव ओतलं, पाणी घातलं, पिऊन झाकण धुतलं. मग म्हणाल्या, "एका दिवसाचाच घे बाबा. जन्माचा कायले? आता कितीक राह्यला माहा जन्म, हजार रुपये वसूल कवा होतीन?"